माल गोदामात, वही गादीवर

ताई, नमस्कार.

मी मनीष नगरला राहतो. वय ३६, नोकरी पतसंस्थेत, घरी बायको आणि आठ वर्षांचा मुलगा. कॉलेजपासून मला कॉम्प्युटरवर गेम खेळायचा नाद आहे. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानावरचं खातं २०१२ सालचं. तेव्हा माझ्याकडे कार्ड नव्हतं, म्हणून खातं मी उघडलं पण कार्ड दादाचं वापरलं आणि ईमेलही त्याचाच दिला. पुढे एपिक या दुसऱ्या दुकानावर दर गुरुवारी फुकट मिळतात ते गेम घेत गेलो. तिथे माझी खाती दोन झाली आहेत, कशी ते मलाही कळलं नाही. गॉगवर काही जुने घेतले, ईए आणि युबीसॉफ्ट या कंपन्यांचे वेगळे, वर्षभरापूर्वी वर्गणीचा गेम पासही घेतला. शिवाय बर्डीवरून आणलेल्या जुन्या सीडींचा एक डबा आहे. परवा मोजायला बसलो तर आकडा चारशेच्या वर गेला आणि मी मध्येच सोडून दिलं.

रात्री साडेदहाला पोरगा झोपला की मी पीसीपुढे बसतो. हा लाँचर, म्हणजे दुकानाचा गेम चालू करणारा प्रोग्राम, उघडा, तर त्याचा अपडेट. तो उघडा, तर त्याचा पासवर्ड आठवत नाही. मागच्या आठवड्यात स्टीमच्या सेलमध्ये एक गेम घेतला आणि दोन दिवसांनी दिसलं की तोच एपिकवर माझ्याकडे आधीपासून आहे. साडेअकरा वाजतात आणि मी काहीच न खेळता पीसी बंद करतो. बायको म्हणते, तुम्ही खेळून राहिले की शोधून राहिले?

सगळे गेम एका जागी आणता येतील काय? मित्र म्हणतो, नवीन खातं काढ आणि सगळं त्यावर घे. दादा आता पुण्याला असतो. त्याला ईमेलचं विचारावं तर वाटतं, इतक्या वर्षांनी हा कसला हिशेब काढून राहिला म्हणेल. काय करू?

— एक वाचक, मनीष नगर, नागपूर

भाऊ,

आधी घाईचं काम. स्टीमच्या सेलमध्ये दुसऱ्यांदा घेतलेल्या त्या गेमचे पैसे परत मिळू शकतात. खरेदीला १४ दिवस झालेले नकोत आणि गेम दोन तासांपेक्षा कमी चाललेला हवा. स्टीमच्या हेल्पमध्ये ती खरेदी निवडा, परतावा मागा, कारणाच्या जागी ‘हा गेम माझ्याकडे आधीच आहे’ असं खरं ते लिहा. मुदत उलटली नसेल तर पुढचं वाचण्याआधी हे करून या.

आता तुमचा मूळ प्रश्न. गेम एका जागी आणता येत नाहीत, यादी आणता येते. हा फरक नीट कळला की तुमचा अर्धा त्रास संपेल, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

इतवारीतल्या ठोकच्या दुकानात तुम्ही गेला असाल. एक गोदाम वाडीला, दुसरं कळमन्याला, थोडा माल दुकानाच्या माडीवर. सगळी पोती एका छताखाली आणायचा हट्ट कुणी धरत नाही. गादीवर मात्र वही एकच. कोणता माल कुठे, किती उरला, कोणता जुना झाला, हे शेठजी जागेवरून न उठता सांगतात. तुम्हाला तशी वही हवी आहे. गोदामं आहेत तिथेच राहणार.

कारण असं की आपण गेम विकत घेतो म्हणजे त्या दुकानाच्या आपल्या खात्यावर तो खेळायचा परवाना घेतो. स्टीमवर घेतलेला गेम स्टीमच्या खात्याला बांधलेला, एपिकचा एपिकला. म्हणून तुमच्या मित्राचा सल्ला ऐकू नका. नवीन खातं काढलंत तर ते कोरं असेल. जुने गेम त्यावर येणार नाहीत, पुन्हा पैसे मोजावे लागतील. २०१२ पासूनचा सगळा माल जुन्या खात्यावर आहे, तेच खातं जपायचं आहे.

आणि वही झाली म्हणून लाँचर नाहीसे होत नाहीत, हेही आत्ताच सांगून ठेवते. जीटीए फाइव्हचंच पाहा. मे २०२० मध्ये, टाळेबंदीत, एपिकने तो आठवडाभर फुकट दिला होता. इतकी गर्दी उसळली की एपिकची साइटच काही तास बसली. तुमच्याही खात्यात तो बहुतेक असेल. तर हा गेम घेतला एपिकवरून, तरी चालू करताना मागे तो बनवणाऱ्या रॉकस्टारचा लाँचर उघडतोच. युबीसॉफ्टचे गेम स्टीमवर घेतले तरी युबीसॉफ्ट कनेक्ट उघडतो. यादीतून एका क्लिकवर गेम सुरू होईल, पण ज्याचा त्याचा लाँचर पडद्यामागे चालेलच. ते थांबवणं कुणाच्या हातात नाही. आपल्या हातात इतकंच आहे की तुम्ही सहा दारं वाजवत फिरू नये.

वही करण्याआधी मात्र किल्ल्या, म्हणजे खात्यांचे ईमेल आणि पासवर्ड, गोळा कराव्या लागतात. यादी तर एका दुपारी होते. किल्ल्यांचं काम लोक टाळतात आणि नेमके तिथेच गमावतात.

माझं स्वतःचं सांगते. एका दुकानावर माझं फार जुनं खातं होतं, त्यावर एकोणीस गेम. ज्या सेवेचा ईमेल दिला होता ती सेवाच पुढे बंद पडली. पासवर्ड मी विसरले होते, आणि तो बदलायची लिंक जाणार त्या बंद पडलेल्या ईमेलवर. मदत विभागाने खरेदीचा पुरावा मागितला. पावत्या त्याच ईमेलमध्ये. ज्या बँकेच्या कार्डाने पैसे भरले ते कार्डही बदललेलं. तीन महिने पत्रव्यवहार केला आणि शेवटी सोडून दिलं. एकोणीस गेमच्या पैशांपेक्षा त्यातल्या एका गेममधलं माझं शहर गेल्याचं जास्त लागलं. बाबा दवाखान्यात होते तेव्हा रात्री घरी आल्यावर मी ते शहर थोडं थोडं बांधत होते.

म्हणून एक साधी कागदाची वही घ्या, शंभर पानी चालेल. दर दुकानाला एक पान. पानावर खात्याचं नाव, कोणता ईमेल, कोणता मोबाइल नंबर, दुहेरी पडताळणी चालू आहे की नाही, पहिली खरेदी कोणत्या साली आणि कोणाच्या कार्डाने. पासवर्ड वहीत लिहू नका, त्यासाठी पासवर्ड मॅनेजर वापरा. स्टीमच्या पानावर ‘कार्ड दादाचं, ईमेल दादाचा’ हे स्पष्ट लिहा. खात्याबद्दल कधी वाद निघाला तर स्टीमचा मदत विभाग मालकीचा पुरावा म्हणून जुन्या खरेदीचे तपशीलच मागतो. भारतात स्टीमवर रुपयांत किमती आल्या नोव्हेंबर २०१५ मध्ये. त्याआधीची तुमची खरेदी डॉलरमध्ये, दादांच्या कार्डावर झालेली असणार. त्याच्या पावत्यांचे मेल दादांच्या जुन्या ईमेलमध्ये पडलेले असतील. ते काढून ठेवायचे आहेत.

एपिकची दोन खाती कशी झाली ते मी सांगू शकते, कारण हे अनेकांचं होतं. एकदा तुम्ही ईमेल-पासवर्ड देऊन खातं काढलं असेल आणि नंतर कधीतरी मोबाइलवरून फुकटचा गेम घेताना ‘गुगलने साइन इन करा’ हे बटण दाबलं असेल. दोन्ही ईमेल वेगळे असले की दुसरं खातं तयार होतं. ही दोन खाती एकत्र करता येत नाहीत. दोन्हींत डोकावून पाहा, ज्यात जास्त आणि तुमच्या आवडीचे गेम आहेत ते मुख्य धरा आणि इथून पुढे गुरुवारचा गेम फक्त त्यावर घ्या. दुसऱ्याचा ईमेल वहीत लिहून ठेवा आणि त्याला विसरून जा. त्यात पाच-सात खरंच चांगले गेम असतील तर त्यांची नावं त्याच पानावर लिहा, पुरे.

किल्ल्या जमल्या की एक रविवार काढा. उन्हाळा असेल तर सकाळी बसा. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५च्या पुढे जातो, दुपारी पीसीचे पंखे नुसते किंचाळत असतात. आणि पीसी डेझर्ट कूलरच्या थेट झोतात ठेवू नका. गार वारा लागतो म्हणून बरेच जण ठेवतात, पण ती हवा ओली असते आणि तिच्याबरोबर धूळही आत जाते.

वही म्हणून मी तुम्हाला प्लेनाइट सुचवते. विंडोजवर चालतं, फुकट आहे, जाहिराती नाहीत. जोसेफ नेमेक या प्रोग्रामरने सुरू केलेलं मुक्त स्रोत सॉफ्टवेअर आहे, म्हणजे त्याचा कोड कुणालाही उघडून पाहता येतो. तुमची यादी ते तुमच्याच कॉम्प्युटरवर ठेवतं. उतरवून घ्यायचं ते त्यांच्या स्वतःच्या साइटवरूनच. शोधताना वर जाहिरातीत दुसऱ्याच साइट दिसतात, तिकडे जाऊ नका.

गॉग गॅलेक्सी हाही पर्याय आहे. २०१९ साली त्याची दुसरी आवृत्ती आली ती हेच वचन घेऊन, की सगळी दुकानं एका खिडकीत. दिसायला देखणी आहे, आणि तुमचे बहुतेक गेम गॉगवर असते तर मी तीच सांगितली असती. पण तिच्यात बाकीच्या बऱ्याच दुकानांची जोडणी हौशी लोकांनी लिहिलेल्या प्लगइनवर, म्हणजे छोट्या जोड-प्रोग्रामवर, चालते. दुकानाने लॉगिनची पद्धत बदलली की जोडणी तुटते आणि कुणीतरी दुरुस्त करेपर्यंत थांबावं लागतं. प्लेनाइटमध्येही असं अधूनमधून होतं, पण तिथे मुख्य दुकानांच्या जोडण्यांची देखभाल प्रकल्पातच होते, त्यामुळे गाडी लवकर रुळावर येते. पुढेमागे लिनक्सवर गेलात तर हिरोइक आणि लुट्रिस ही नावं लक्षात ठेवा. स्टीममध्येही बाहेरचा गेम जोडायची सोय आहे, पण ती हाताने निवडून. दहा गेमना ठीक, चारशेंना नाही.

प्लेनाइट पहिल्यांदा उघडलं की कोणती दुकानं जोडायची ते विचारतं. सगळी एकदम निवडू नका. आधी स्टीम. लॉगिनची खिडकी उघडेल ती स्टीमचीच असते. पत्ता वाचून मगच पासवर्ड टाका, ही सवय सगळीकडे ठेवा. ‘इन्स्टॉल नसलेले गेमही आणा’ या अर्थाची खूण सेटिंगमध्ये आहे, ती केली नाही तर फक्त डिस्कवर असलेले दहा-बारा गेम दिसतील आणि तुम्हाला वाटेल बिघडलं. मग एपिक, मग गॉग, मग ईए आणि युबीसॉफ्ट, शेवटी गेम पाससाठी एक्सबॉक्स. प्रत्येक दुकान जोडल्यावर पाच मिनिटं नुसतं बघत बसा.

ही पाच मिनिटं मी मुद्दाम सांगते आहे. आधी नुसती नावं येतात, मग एकेक करून मुखपृष्ठं भरत जातात. माझ्या यादीत हे होत होतं तेव्हा मी चहा हातात घेऊन बसले होते, आणि एका मुखपृष्ठावर चहा तसाच राहिला. त्या गेमची माहिती उघडली. स्रोत, स्टीम. खेळलेला वेळ, तीन तास दहा मिनिटं. शेवटचं खेळलं, २०१६. मला तो गेम आठवतही नव्हता, पण तारीख वाचल्यावर आठवलं. प्रताप नगरच्या भाड्याच्या घरातली शेवटची दिवाळी, खोक्यांनी भरलेली खोली आणि खोक्यावरच ठेवलेला मॉनिटर. त्या रात्री मी तो पुन्हा उतरवला. सेव्ह, म्हणजे मी कुठवर पोचले होते त्याची नोंद, क्लाउडवर होता, म्हणजे दुकानाच्या सर्व्हरवर. एका पुलाच्या अलीकडे माझं पात्र आठ वर्षं उभं होतं.

तर यादी येईल. चारशे मुखपृष्ठं एकदम दिसतील आणि तुम्हाला पुन्हा तसंच दडपण येईल जसं मोजताना आलं होतं. इथे बहुतेक लोक चूक करतात आणि प्रकाराप्रमाणे रकाने पाडायला घेतात. ॲक्शन, रणनीती, शर्यत, कोडी. माझ्या अनुभवात हे रकाने कामाचे नाहीत. रात्री साडेदहाला तुमच्या मनात ‘आज रणनीती खेळू’ असं येत नाही. मनात येतं, ‘माझ्याकडे पन्नास मिनिटं आहेत, डोकं थकलं आहे आणि आवाज करता येत नाही.’ रकाने त्या वाक्यातून काढा.

माझ्याकडे चारच आहेत. ‘अर्धा तास’, यात मधूनच सोडता येतो असा गेम. ‘रविवार’, यात गोष्ट लांब आहे, निवांत बसावं लागतं असा. ‘भाचीसोबत’. आणि ‘सुरू आहे’, यात एका वेळी तीनपेक्षा जास्त गेम मी ठेवत नाही. तुमचे कदाचित ‘पोरगा झोपल्यावर’, ‘पोरासोबत’ आणि ‘दादासोबत’ असे होतील. नावं देवनागरीत लिहिता येतात. मग फिल्टर लावून तो जतन करा, म्हणजे प्लेनाइट उघडल्यावर आधी ‘सुरू आहे’मधले तीन गेमच दिसतील. बाकीचे पुसायचे नाहीत, फिल्टर काढला की परत दिसतात. प्रत्येक गेमला ‘खेळलो नाही’, ‘पूर्ण केला’, ‘सोडला’ अशी अवस्थाही देता येते. ‘सोडला’ ही अवस्था मोकळ्या मनाने वापरा. सेलमध्ये घेतला, अर्धा तास खेळलात, आवडला नाही, तर तो तिथे जाऊ द्या. रोज रात्री समोर येऊन त्याने तुम्हाला खाऊ नये.

एकच गेम दोन दुकानांत असेल तर एक लपवा. कोणता ठेवायचा? ज्यात तुमचा सेव्ह आहे तो. दोन्हींत काहीच नसेल तर गॉगचा. गॉग हे पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीने २००८ मध्ये सुरू केलेलं दुकान आहे आणि तिथले गेम कुलूप न घालता विकले जातात. म्हणजे इन्स्टॉलरची फाइल तुम्ही एकदा उतरवून बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवली, तर उद्या इंटरनेट नसलं, दुकान नसलं, तरी गेम चालतो. तुमच्या सगळ्या गोदामांत खऱ्या अर्थाने तुमच्या घरात ठेवता येईल असा माल हाच. गॉगवरचे तुमचे आवडते गेम तरी या दिवाळीपर्यंत उतरवून ठेवाच.

गेम पासचे गेम याच्या दुसऱ्या टोकाला. ते भाड्याचे आहेत. वर्गणी थांबली किंवा गेम त्या योजनेतून निघाला की खेळता येत नाही. त्यांना ‘भाड्याचे’ अशी वेगळी खूण लावा. वर्षभराची वर्गणी चालू आहे म्हणता, तर गेल्या तीन महिन्यांत त्यातले किती खेळलात ते यादीतला खेळलेला वेळ पाहून ठरवा. एकही नसेल तर पुढच्या महिन्यापासून बंद करा.

आता रात्रीचा वेळ वाचवायचा. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकत्र दाबलं की टास्क मॅनेजर उघडतो. त्यात स्टार्टअपचं पान आहे. पीसी चालू होताच जे लाँचर आपोआप उठतात ते सगळे तिथे बंद करा, फक्त स्टीम राहू द्या. प्लेनाइटमध्ये अशीही सोय आहे की गेम बंद झाला की त्याचा लाँचरही आपोआप बंद होतो, ती चालू करा. आणि स्टीमच्या डाउनलोड सेटिंगमध्ये अपडेट कोणत्या वेळात करायचे ते ठरवता येतं. संध्याकाळी सात ते नऊ ठेवा. मुलगा तेव्हा त्याच पीसीवर शाळेचं काम करत असेल तर उत्तमच, पीसी चालू असतो आणि तुमची साडेदहाची वेळ मोकळी राहते.

सेव्ह फाइलबद्दल मात्र जरा जास्त काळजी घ्या, कारण वही फक्त गेमची असते, तुमच्या प्रगतीची नसते. स्टीमचं क्लाउड स्टीमवरच्या प्रतीसाठी, एपिकचं एपिकसाठी. एका दुकानातला सेव्ह दुसऱ्या दुकानाच्या प्रतीत आपोआप जात नाही. सगळ्या गेमना क्लाउडची सोय असतेच असंही नाही. सेव्ह कुठे पडतात याचा काही नेम नाही. कधी डॉक्युमेंट्समध्ये, कधी सेव्ह्ड गेम्समध्ये, कधी ॲपडेटा या लपवलेल्या फोल्डरच्या पोटात. हाताने शोधत बसू नका. लुडुसावी नावाचं एक मुक्त स्रोत सॉफ्टवेअर आहे, ते कोणत्या गेमचे सेव्ह कुठे असतात हे ओळखून सगळ्यांची एक प्रत काढतं. महिन्यातून एकदा ती प्रत पेनड्राइव्हवर घ्या. प्लेनाइटच्या यादीचाही बॅकअप त्याच्याच मेनूतून घेता येतो, तोही त्याच पेनड्राइव्हवर. आपल्याकडे पावसाळ्याच्या सुरुवातीला लाइट कशी जाते ते तुम्हाला माहीत आहे. फाइल लिहिली जात असतानाच लाइट गेली तर ती खराब होऊ शकते. यूपीएस नसेल तर पुढचे दोन सेल सोडून द्या आणि त्या पैशांत यूपीएस घ्या.

गेमसाठी फोल्डर करताना एक बारीक गोष्ट. गेमच्या रकान्यांची नावं देवनागरीत चालतात म्हटलं, पण डिस्कवरच्या फोल्डरचं नाव इंग्रजी अक्षरांत आणि छोटं ठेवा. बरेच जुने गेम फोल्डरच्या पत्त्यात इंग्रजीबाहेरचं अक्षर आलं की चालू होत नाहीत, आणि कारण शोधता शोधता दिवस जातो. एपिकचा मोठा गेम एका ड्राइव्हवरून दुसरीकडे न्यायचा असेल तर पुन्हा उतरवायची गरज नाही. जुन्या फोल्डरची प्रत काढा, गेम अनइन्स्टॉल करा, नव्या ड्राइव्हवर इन्स्टॉल सुरू करून दोन-तीन टक्क्यांवर थांबवा, प्रत त्या नव्या फोल्डरवर टाका आणि पुन्हा सुरू करा. फाइल आहेत हे एपिकचा लाँचर तपासून घेतो. जीटीए फाइव्हसारखा शंभर जीबीच्या वरचा गेम असेल तर यात तुमची अख्खी रात्र वाचते. स्टीममध्ये तर स्टोरेजच्या पानावर गेम हलवायचं बटणच आहे.

सीडींच्या डब्याकडून फार अपेक्षा ठेवू नका. त्या काळातल्या बऱ्याच सीडींवर सेफडिस्क नावाची नक्कलविरोधी यंत्रणा असायची, आणि मायक्रोसॉफ्टने सुरक्षेच्या कारणाने विंडोज १० मध्ये तिचा आधार काढून टाकला. सीडी चांगली असली तरी गेम उघडणार नाही. मूळ खोकी असतील तर आत छापलेला कोड पाहा, काही जुने कोड स्टीम स्वीकारतं. बाकीच्यातला जो गेम खरंच पुन्हा खेळावासा वाटतो तो गॉगवर शोधा. जुने गेम नव्या विंडोजवर चालतील असे करून विकणं हाच त्या दुकानाचा मूळ धंदा. डबा मात्र टाकू नका. मुलगा मोठा झाल्यावर त्याला दाखवाल.

मुलाचा विषय निघाला म्हणून. तो तुमच्या खात्यावर खेळत असेल तर तेरा वर्षांचा झाला की त्याचं वेगळं खातं काढा, त्याआधी स्टीमच्या अटींत ते बसत नाही. स्टीमवर २०२४ पासून कुटुंबाची नवी सोय आहे. एका घरातल्या सहा जणांपर्यंत गट करता येतो, ज्याचं त्याचं खातं आणि ज्याचे त्याचे सेव्ह वेगळे राहतात, आणि मुलाला कोणते गेम दिसावेत, रोज किती वेळ मिळावा हे तुम्ही ठरवता. एक प्रत एका वेळी एकालाच खेळता येते, एवढं लक्षात ठेवा. तुमचे दादा पुण्याला राहतात, त्यांना या गटात घेऊ नका. ही सोय एका घरात राहणाऱ्यांसाठीच आहे.

आता दादा. तुम्हाला वाटतं त्यांना हिशेब काढल्यासारखं वाटेल. भाऊ, पत्रात तुम्ही कार्डाचं, ईमेलचं सगळं लिहिलंत, पण कॉलेजच्या पोराला ज्याने डॉलरमध्ये पैसे भरायला आपलं कार्ड दिलं त्याला हे काम सांगितल्यावर राग येईल, असं मला त्यात कुठे दिसलं नाही. मला वाटतं तुम्हाला खरी भीती ही आहे की त्यांच्या नावाचा तो शेवटचा धागा तुमच्या खात्यावरून निघून जाईल. तसं असेल तर तेच त्यांना सांगा.

व्हॉट्सॲपवर लिहू नका, फोन करा. रविवारी सकाळी करा, दोघंही घरी असताना. त्यांना आधी त्यांचा तो जुना ईमेल उघडायला सांगा. फार दिवसांत उघडला नसेल तर आधी तोच सुरू करावा लागेल, म्हणून हे काम पुढे ढकलू नका. तो उघडला की शोधाच्या चौकटीत स्टीम असं टाकून जुन्या पावत्या तुमच्याकडे पाठवायला सांगा. त्या एकेक करून येतील आणि २०१२ ते २०१५ मध्ये तुम्ही दोघांनी काय काय घेतलं ते तुम्हाला दिसेल. घाई करू नका, त्यावर बोला. ज्या गेममध्ये दोघंही होतात तो ‘दादासोबत’ या रकान्यात टाका आणि ते पुढच्या वेळी नागपूरला येतील तेव्हाची तारीख विचारून घ्या.

त्यानंतर स्टीमच्या खात्याच्या तपशिलात जाऊन ईमेल बदला. तुमच्या फोनवर स्टीमचं ॲप जोडलेलं नसेल तर पडताळणीचा कोड दादांच्या ईमेलवर येईल. तो ते वाचून दाखवतील, तुम्ही टाका, बदल झाल्याचा मेल तुमच्या नव्या ईमेलवर आलेला डोळ्यांनी पाहा, आणि मगच फोन ठेवा.

— ताई